दोन बुडुकांच्या मध्ये

१

शनिवारची दुपारची झोप आटोपली की आमच्याकडे चहाचं मोठं पातेलं गॅसवर चढायचं. बदलापूर पूर्वेला शिरगावात आमचा वन बीएचके. त्याच्या हॉलमध्ये आम्ही हौसेने जेवणाचं टेबल घेतलं आणि त्यावर एकदाही जेवलो नाही, कारण त्यावर कायम राज्य पसरलेलं असायचं. ड्रॉइंग पेपर जोडून केलेला नकाशा, त्यावर डोंगर, नद्या, किल्ले, आणि खडू-शेंगदाणे-बटणांच्या फौजा. आम्ही चौघं चाळिशीला टेकलेली माणसं, आणि शेंगदाण्याच्या फौजेवरून कडाकडा भांडायचो.

चौघं म्हणजे मी हिमानी, माझा नवरा यज्ञेश, माझी नणंद सई आणि अवधूत. यज्ञेश अंबरनाथला एमआयडीसीतल्या एका कारखान्यात क्वालिटी ऑफिसर आहे, म्हणजे लोकांच्या चुका काढण्याचा पगार घेतो आणि उरलेल्या घरी फुकट काढतो. अवधूत त्याच्याच खात्यातला, लग्नाचा आणि लग्न न ठरणारा. सई विठ्ठलवाडीहून यायची, आपल्या लेकीला, चिमीला, सासूच्या हवाली करून.

हा खेळ का सुरू झाला तेही सांगून टाकते. त्याआधी आमचे शनिवार डॉक्टरांकडे जायचे. इंजेक्शनं, सोनोग्राफी, वाट बघणं, मग पुन्हा नाही. गेल्या वर्षी एका शनिवारी दोघंही तिथून निघालो आणि रिक्षात बसल्यावर यज्ञेश म्हणाला, "बस झालं ना?" मी म्हटलं, "बस झालं." मला मूल हवं होतं. बस झालं म्हटल्यावरही हवंच होतं, फक्त आता शनिवार मोकळे झाले. मोकळा शनिवार फार वाईट असतो, म्हणून आम्ही त्यात एक राज्य वसवलं.

२

राज्याचं नाव माळवंड. तिथला सूर्य एका डोंगराला अडकून बसलाय, त्यामुळे तिथे रात्र होत नाही. कायम चहाच्या वेळेचं ऊन. हे माझं डोकं. मला ते ऊन आवडतं, कारण तेव्हा कपडे वाळलेले असतात आणि स्वयंपाकाला अजून अवकाश असतो.

"पण वहिनी, रात्रच नाही तर वेळ मोजणार कसा?" सईने विचारलं. "माझी फौज किल्ल्यावर पोचायला किती लागणार?"

"घड्याळ लाव की," अवधूत म्हणाला.

"तिथे घड्याळ नाही. घड्याळ आलं की शिफ्ट आली, शिफ्ट आली की तुम्ही दोघं रडणार," मी म्हटलं.

यज्ञेश नकाशावरचे शेंगदाणे सरळ करत होता. मग म्हणाला, "आपल्या लग्नात गुरुजींनी ते घंगाळ ठेवलं होतं, आठवतं?"

न आठवायला काय झालं! घंगाळात पाणी, पाण्यावर तांब्याची वाटी, वाटीच्या तळाला बारीक भोक. वाटी हळूहळू भरते, बुडते, आणि बुडली की घटका भरली, मुहूर्त आला. अंतरपाट खाली आला तेव्हा मी मान वर करून बघितलं, तर नवरदेव माझ्याकडे बघायचं सोडून त्या वाटीचं भोक किती मिलिमीटरचं असेल ते बघत होते.

पुढच्या शनिवारी तो कारखान्यात ड्रिल केलेली स्टीलची वाटी घेऊन आला. मी माळ्यावरून आईचं घंगाळ काढून दिलं. पाणी भरलं, वाटी सोडली. तळातून केसाएवढी धार वर आली, वाटी भरली, एका कडेला कलली आणि आवाज आला, बुडूक.

"झालं नाव!" अवधूत ओरडला. "एक बुडूक, अर्धा बुडूक, पाव बुडूक. सॉलिड!"

यज्ञेशने नियम सांगितला. वाटी तळाला टेकली की बुडूक सुरू. कुणी ती उचलली की बुडूक संपला. तेवढ्यात राज्यात जे व्हायचं ते होऊन जाणार. आणि बुडूक चालू असताना सगळ्यांचं एकेक बोट नकाशावर हवं.

"अरे, गुरुजींचं उलटं असतं," मी म्हटलं. "वाटी बुडेपर्यंतचा वेळ धरतात. बुडल्यानंतरचा नाही."

"आपलं राज्य वेगळं."

"मग एक बुडूक म्हणजे किती?"

"उचलेपर्यंत."

दिवसभर दुसऱ्यांच्या मापात खोट काढणारा माणूस, आणि घरी त्याने असं माप काढलं ज्याला सुरुवात होती, शेवट होता आणि लांबीच नव्हती. मी त्याला त्यावरून मनसोक्त चिडवलं. सई म्हणाली, "दादा, तुझ्या कंपनीत हे कळलं तर तुला काढून टाकतील." मग आम्ही बोटं ठेवली.

वाटी टेकली. मी पाण्यात हात घालून ती उचलली. एवढंच झालं.

एवढंच, पण आम्ही चौघंही हसत होतो. पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर. अवधूतला ठसका लागला. चहा तसाच वाफाळत होता. हसण्याचा भर ओसरल्यावर सईने डोळे पुसत विचारलं, "पण हसलो कशाला?"

ते कुणालाच सांगता येईना. हसण्याची सुरुवात कुणाला आठवतच नव्हती. त्यावरही आम्ही पुन्हा हसलो.

३

त्या शनिवारी सकाळीच मी केस रंगवले होते. रविवारी सकाळी आरशात बघितलं तर भांगात बोटभर पांढरं. रंग भिकार निघाला, असं म्हणून मी तो पुडाच कचऱ्यात टाकला. बाथरूममधून यज्ञेश म्हणाला, "ब्लेडही भिकार निघालं. कालची दाढी बघ." ती कालची दाढी नव्हती, चांगली चार घरं मागून आलेल्या बुवाची होती.

तेवढ्यात अवधूतचा फोन. "वहिनी, काल तुमच्याकडे यायच्या आधी मी कटिंग करून आलो होतो ना? आमच्या सलूनवाल्याला शिव्या घालून आलो. तो म्हणतो, साहेब, मी कापले होते, आईची शपथ."

सगळ्याला कारण सापडत होतं. रंग खोटा, ब्लेड बोथट, सलूनवाला कामचुकार. नखं मात्र चौघांचीही वाढली होती, त्याला कारण शोधायचा मी कंटाळा केला.

खरं सांगायचं तर आम्हाला फार छान वाटत होतं. मे महिन्याची सुट्टी आजोळी घालवून परत आल्यावर वाटतं ना, तसं. झोप पूर्ण झालेली, अंगात हलकेपणा, पोटात भूक. सईच्या सासूने तिच्या पायांकडे बघून विचारलं, "गावाला जाऊन आलीस की काय गं? पाय कसे रापलेत!" सईने ते फोनवर मला सांगितलं, आणि दोघींनीही ते तिथेच सोडलं. नंतर तीच म्हणाली, "वहिनी, येत्या शनिवारी भजी कर हं, मिरचीची पण."

४

दुसऱ्या शनिवारीही वाटी टेकली, उचलली, आणि आम्ही हसतच वर आलो. वर आलो असंच म्हणायची सवय लागली होती, कुठून ते कुणी विचारत नव्हतं. त्या दिवशी अवधूतच्या तळहातांना घट्टे पडले होते. रोज कीबोर्ड बडवणारा माणूस, घट्टे कुदळ मारल्यासारखे. तो ते सगळ्यांना अभिमानाने दाखवत फिरला.

संध्याकाळी भांडी घासताना मी काहीतरी गुणगुणत होते. हॉलमधून यज्ञेशने पुढची ओळ घेतली. गॅलरीतून अवधूतने तिसरी. शब्द नव्हतेच, नुसती चाल, पण तिघांचीही एकच. मी नळ बंद केला. शेजाऱ्यांच्या मिक्सरचा आवाज येत होता, खाली पाण्याचा पंप चालू होता, सगळं जागच्या जागी होतं. सई दारात उभी राहून ऐकत होती.

"गाणं कुठलं आहे हे?" तिने विचारलं.

"कुठेतरी ऐकलं असेल. रील-बिल."

"हे कुणालातरी झोपवायचं गाणं आहे, वहिनी," ती म्हणाली. "जिथे अंधारच पडत नाही तिथे पोरं झोपणार कशी? असंच गात बसावं लागत असणार."

ती हसून म्हणाली, पण तिने पर्स उचलली आणि चहा न घेताच निघाली.

तिसरा शनिवार मात्र लांबला. वाटी टेकली आणि त्याच क्षणी सईला भज्यातली मिरची लागली. ती खोकू लागली, अवधूत तिच्या पाठीवर थापा मारू लागला, मी पाण्याचा ग्लास शोधू लागले. नकाशावरची बोटं कुणी उचलली नाहीत, नियम म्हणजे नियम. वाटी थोडा वेळ तशीच खाली राहिली. मग यज्ञेशने उचलली.

या वेळी कुणी हसत नव्हतं. फ्रिजची घरघर मला एकदम मोठी वाटली, जणू किती दिवसांनी ऐकतेय. अवधूतचे केस कपाळावरून मागे सरकले होते. आणि मी... माझे दोन्ही हात छातीशी दुमडलेले होते, डावं कोपर वर, उजवा तळवा खाली, आणि मी बसल्या जागी डावी-उजवीकडे हलकेच डुलत होते.

यज्ञेशला ते दिसलं नाही. सईला दिसलं. ती आई आहे. तिने माझ्या रिकाम्या हातांकडे बघितलं आणि पांढरीफटक पडली.

"मी नाही येणार यापुढे," ती म्हणाली. "माझी चिमी लहान आहे. मला एवढ्यात म्हातारं व्हायला परवडायचं नाही." अवधूतही टकलावर हात फिरवत म्हणाला, "आता तर माझं लग्न ठरलंच म्हणायचं," आणि मग आपणहून शनिवारची शिफ्ट मागून घेतली.

५

मी उल्हासनगरला कॅम्प एकमध्ये धर्मेशशेठच्या ड्रेसच्या दुकानात सँपल बघते. नवीन पॅटर्न आला की मीडियमचं सँपल माझ्याच अंगावर चढवून बघायचं, ही आमच्याकडची पद्धत. मी म्हणजे दुकानाचं चालतंबोलतं मीडियम.

सोमवारी सँपल चढलं नाही.

"अरे हिमानी, आपला मीडियम किधर गया?" शेठ काउंटरवरून ओरडले. "शादी-बिदी में जादा खाया क्या? अब मैं नवा मीडियम कुठून आणू?"

"शेठ, तुमचं कापडच आटलंय," मी म्हटलं, आणि सगळे हसले.

आतल्या खोलीत शालनताईंनी टेप लावला. त्या आमच्या जुन्या मास्टर, दोन मुलांची आई, बोलायला कमी. छातीचं माप घेताना त्या थांबल्या. माझ्या कुर्त्यावर ओला डाग पसरत होता, आधी एका बाजूला, मग दुसऱ्या. बाहेर एका गिऱ्हाइकाचं तान्हं मूल रडत होतं.

शालनताईंनी टेप गळ्यात टाकला. खुंटीवरची स्वतःची ओढणी काढून माझ्या अंगावर घातली आणि अगदी साध्या आवाजात म्हणाल्या, "घरी कुणाकडे ठेवून आलीस गं?"

मी ओढणी घट्ट लपेटून घेतली आणि निघाले. रिक्षात बसून मी कारणं जुळवली. आधीची ती सगळी औषधं. हार्मोन्स. असं होतं म्हणे कधीकधी, मोबाइलवर लिहिलेलं सापडलंसुद्धा. मी ते दोनदा वाचलं. तरी उजव्या हाताने मी स्वतःच्या मांडीवर थोपटत होते, आणि ते थांबवता येत नव्हतं.

६

यज्ञेशला सांगायला मी शब्द शोधत होते. तो जेवायला बसला होता आणि घास हातात तसाच धरून दाराकडे बघत होता.

"काय झालं?" मी विचारलं.

"काही नाही. दोन दिवस असं होतंय. काम करता करता वाटतं, निघायला हवं. कुणालातरी आणायला जायचंय आणि उशीर झालाय." तो ओशाळून हसला. "कारखान्याच्या गेटपर्यंत गेलो मी आज. वॉचमनने विचारलं, साहेब कुठे? मला सांगताच येईना."

मग मी त्याला सगळं सांगितलं. ओढणी बाजूला करून दाखवलं. आरशासमोर उभं राहून पोटावरच्या त्या पांढरट रेषा दाखवल्या, ज्या माझ्या पोटावर कधी नव्हत्या. तो खाली बसला, माझ्या पोटाला डोकं टेकवलं आणि रडायला लागला. मीही. आणि रडता रडता आम्ही हसायला लागलो, वेड्यासारखे.

"हिमे, आपल्याला बाळ आहे," तो म्हणाला.

"आहे."

"मुलगा की मुलगी?"

"मला काय माहीत! तूही होतास ना तिथे."

इतकी आनंदाची रात्र माझ्या आयुष्यात दुसरी नाही. आम्ही नावं काढली, भांडलो, त्याच्या आईचं नाव मी साफ नाकारलं. मी उठून शिरा केला. शिरा खाता खाता यज्ञेश थांबला. त्याचा चेहरा मी ओळखते. मापात चूक सापडली की तो असा होतो.

"बुडूक कधी सुरू होतो ते आपण ठरवलं," तो म्हणाला. "कधी संपतो तेही ठरवलं. पण दोन बुडुकांच्या मध्ये तिथे काय असतं, ते ठरवलंच नाही."

"म्हणजे?"

"आपण वर आलो तेव्हा ते कुणाच्या हातात होतं?"

मी चमचा ताटलीत ठेवला. घंगाळ टेबलावर होतं, पाणी स्थिर, वाटी बाहेर उपडी ठेवलेली. मी माझे ते दुमडलेले हात आठवले. मी ते उघडले होते. सईकडे ग्लास द्यायला मी ते सहज उघडले होते.

७

सई शनिवारी आली ती भांडतच. तिला फोनवर सगळं सांगितलं होतं.

"दादा, तू वेडा आहेस, ही तुझ्याहून वेडी. थोडा वेळ वाटी खाली राहिली तर वर्षाहून जास्त गेलं. कळतंय का? केस बघ तुमचे."

"म्हातारे तर होणारच आहोत," यज्ञेश म्हणाला. "इथे काय, तिथे काय."

"मग मला कशाला बोलावलं?"

"वाटी उचलायला," मी म्हटलं. "आमच्याने उचलवणार नाही गं. तू नकाशाला बोट लावू नकोस. फक्त बघ, आणि उचल."

मग तिने बांगड्या मागे सारल्या आणि हात कोपरापर्यंत घंगाळात घातला. "टेकली की उचलणार," ती म्हणाली. "एक श्वाससुद्धा जास्त देणार नाही. उगाच रडू नका मग."

"एवढं पुरे," यज्ञेश म्हणाला. त्याने नवा शर्ट घातला होता. मीही चांगली साडी नेसले होते. तान्ह्या बाळाला भेटायला जाताना माणूस नेसतं तशी, मऊ, जरीचे काठ न टोचणारी.

वाटी सोडली. केसाएवढी धार वर आली. खिडकीतून चहाच्या वेळेचं ऊन टेबलावर पडलं होतं, नकाशावरच्या नदीवर, आमच्या दोघांच्या बोटांवर. माझी छाती दुखत होती आणि मी इतकी आनंदात होते की मला भीती वाटायला जागाच नव्हती. वाटी कलली. पंप थांबला, मिक्सर थांबला, सईच्या बांगड्यांचा आवाज थांबला.

मी हसत होते.

डोळे उघडले तर सई समोर उभी, हातातल्या वाटीतून पाणी ठिबकतंय. ती हसत नव्हती. ती आम्हा दोघांकडे आळीपाळीने बघत होती.

"मी लगेच उचलली," ती म्हणाली. "वहिनी, शप्पथ. टेकली आणि उचलली."

"हो गं, हो," मी म्हटलं. माझाच आवाज मला घोगरा आणि जुना लागला.

टेबलापलीकडे यज्ञेश बसला होता. केस सगळे पांढरे, समोरचा एक दात गेलेला, आणि तोंडभर हसू अजून विझायचं होतं. माझ्या छातीतलं दुखणं गेलं होतं. कधीच गेलं असणार, कितीतरी वर्षांपूर्वी. मला दुःख झालं नाही. आत कुठेतरी सगळं भरलेलं होतं, कुणीतरी पोटभर जेवून उठल्यासारखं. फक्त ते कोण, ते आठवत नव्हतं.

मग मला वास आला. मी उठले. गुडघ्यांवर हात ठेवून, टेबलाचा आधार घेऊन उठावं लागलं. यज्ञेशच्या जवळ गेले.

त्याच्या दोन्ही गालांवर हळद होती. ओली, दाट, आत्ता लावलेली. डाव्या गालावर नुसती फासलेली, पण उजव्या गालावर अख्खा पंजा उठला होता. कुणीतरी गंमत म्हणून, पळता पळता, जोरात थापलेला. मी माझा हात त्यावर ठेवून बघितला. तो पंजा माझ्याहून मोठा होता. बोटं लांब, यज्ञेशसारखी. करंगळी मात्र माझ्यासारखी, जराशी आत वळलेली.

माझ्या नखांतही हळद होती. मीही कुणालातरी लावून आले होते.

यज्ञेश माझा हात गालावर तसाच धरून बसला. त्यालाही कळलं होतं. त्याने दाराकडे बघितलं, त्या दिवशी जेवताना बघत होता तसं.

"सई, वाटी दे," मी म्हटलं.

तिने ती छातीशी घट्ट धरली. रडत होती. "नाही देणार. आता नाही देणार, वहिनी. बघ तरी स्वतःकडे. पुन्हा गेलात तर वर काय येणार आहे?"

मी तिचे डोळे पुसले. तिच्याही गालाला थोडी हळद लागली, तेवढीच तिच्या वाट्याची.

"दे बाळा," मी म्हटलं. "हळद लागलीय, लग्न तोंडावर आलंय, आणि घरात वडीलधारं कुणी नाही."